दुखत नाही म्हणून बरे नव्हे

शेतकऱ्याच्या पायात काटा मोडणे ही काही नवलाची गोष्ट नाही. करवंदीच्या जाळीतून वाट काढताना, ऊस तुटून गेलेल्या रानात धसकटांमधून चालताना, भातलावणीच्या चिखलात फुटकी काच लागून पायाला जखम ही व्हायचीच. काटा रुतला की माणूस "आई गं" करून बांधावर बसतो, काटा उपसून काढतो, चार दिवस लंगडतो आणि विसरून जातो. ही झाली चांगल्या पायाची गोष्ट.

आज आम्ही लिहीत आहोत ते दुसऱ्या प्रकारच्या पायाविषयी. काटा आत रुतला तरी हा माणूस बसत नाही. दिवसभर तसाच काम करतो. संध्याकाळी घरी आल्यावर ओटीवर रक्ताचे ठसे उमटलेले पाहून घरची माणसे ओरडतात, तेव्हा त्याला कळते की पायाला काहीतरी लागले आहे. आणि वर तो अभिमानाने सांगतो, "आमचे पाय कणखर आहेत, आम्हांला काही लागत नाही." शेतकरी बंधुभगिनींनो, हा कणखरपणा नव्हे. दुखऱ्या पायाची काळजी सगळेच घेतात. दुखायला हवा असूनही जो दुखत नाही, त्या पायाची काळजी त्याहून अधिक घेतली पाहिजे.

पाटाच्या टोकाचे शेत

आपल्या शरीरात मेंदू व पाठीच्या कण्यापासून हातापायांच्या बोटांपर्यंत मज्जातंतूंचे जाळे पसरलेले आहे. बोलण्यात आपण त्यांना नसा म्हणतो. काही नसा बातमी वर नेतात: गरम, थंड, टोचले, दुखले. काही नसा हुकूम खाली आणतात: उचल, वळव, पकड. आणि काही नसा आपल्याला न कळत घाम व रक्ताचा प्रवाह सांभाळतात.

यांपैकी सर्वांत लांब नसा पायाच्या बोटांना जातात. कमरेपासून अंगठ्यापर्यंत त्यांची लांबी सुमारे १ मीटर भरते. इतक्या लांबवर पोषण पोहोचवणे सोपे नाही. पाटाचे पाणी कमी झाले की आधी टोकाचे शेत वाळते, तसेच येथे घडते. मधुमेहात रक्तातील साखर वर्षानुवर्षे वाढलेली राहिली, की नसांना अन्न पुरवणाऱ्या बारीक रक्तवाहिन्या आणि खुद्द नसा या दोहोंची हानी होते. म्हणून बधिरपणा आधी पायाच्या बोटांत येतो, मग पाऊल, मग घोटा. तो पोटरीपर्यंत चढला की हाताच्या बोटांतही सुरू होतो. डॉक्टर याला पायमोज्यांचा व हातमोज्यांचा बधिरपणा म्हणतात, कारण तो अंगावर मोजे चढवल्यासारखा पसरतो.

कोणाला मुंग्या येतात, कोणाच्या तळपायांची रात्री आग होते, कोणाला कापसावर चालल्यासारखे वाटते. अशी माणसे निदान दवाखान्यात तरी जातात. पण दीर्घकाळ मधुमेह असलेल्यांपैकी जवळजवळ निम्म्यांच्या नसा बिघडतात, आणि त्यांतल्या निम्म्यापर्यंत लोकांना कसलीच तक्रार जाणवत नाही. खरा धोका या न बोलणाऱ्या पायांना आहे. आणखी एक गोष्ट लक्षात ठेवावी. आग होणारे पाय काही काळाने आपोआप शांत झाले, तर नेहमीच ते बरे झाले असे समजू नये. कधी कधी बातमी देणारी नसच मेलेली असते.

हा रोग शहरातल्या बसून खाणाऱ्यांचा, आपल्याला त्याचे काय, असे कोणी म्हणू नये. भारतीय आयुर्विज्ञान अनुसंधान परिषदेने देशभर केलेल्या पाहणीचे आकडे २०२३ साली प्रसिद्ध झाले. त्यांप्रमाणे भारतात १० कोटींहून अधिक लोकांना मधुमेह आहे. शहरांत त्याचे प्रमाण शेकडा १६.४ आणि खेड्यांत शेकडा ८.९ आढळले. राज्यांमध्ये सर्वांत जास्त प्रमाण गोव्यात, शेकडा २६.४. बेळगाव-खानापूर भागातल्या कितीतरी घरांचे गोव्याशी सोयरसंबंध आहेत. आकडा परक्यांचा नाही.

पायातली शक्ती का जाते?

बधिरपणाबरोबर अशक्तपणाही येतो. हुकूम खाली आणणाऱ्या नसा बिघडल्या की पावलातले लहान स्नायू वाळू लागतात. बोटे पक्ष्याच्या नखीप्रमाणे आखडतात. त्यामुळे चवड्याची हाडे खाली येतात आणि चालताना सगळा भार त्यांच्यावर पडतो. तेथे घट्टा धरतो. घट्ट्याखाली मांस चेंगरते, आत जखम होते आणि एक दिवस ती बाहेर फुटते. तिसऱ्या प्रकारच्या नसा बिघडल्यामुळे पायाला घाम येत नाही, कातडी कोरडी पडते, टाचांना भेगा जातात. त्या भेगांतून जंतू आत शिरतात.

घरातल्या माणसांनी ओळखाव्यात अशा काही खुणा आहेत. चालता चालता चप्पल पायातून निसटून मागे राहते आणि त्याला कळत नाही. तोंड धुताना डोळे मिटले की तोल जातो. दिवसा बांधावरून नीट चालणारा माणूस रात्री बॅटरीशिवाय त्याच बांधावर धडपडतो. पावलाखाली काय आहे हे पायांनी सांगायचे थांबवले, की माणूस डोळ्यांच्या आधाराने चालू लागतो. अंधारात तो आधार सुटतो. अशा माणसाला रात्री मोटार सुरू करायला एकट्याने विहिरीवर पाठवू नये.

वयस्क मधुमेही माणसाची एकाच बाजूची मांडी खूप दुखते, बारीक होते, पायरी चढवत नाही, असेही होते. हाही नसांचाच विकार आहे. तो काही महिन्यांत हळूहळू पुष्कळसा सुधारतो, पण डॉक्टरांकडून तपासणी झाली पाहिजे.

ही गोष्ट कशी समजली?

वेदना गेल्या की काय होते, हे जगाला आधी शिकवले ते कुष्ठरोग्यांनी. बेल्जियममध्ये जन्मलेले फादर दामियन १८७३ साली मोलोकाई बेटावर कुष्ठरोग्यांची सेवा करण्यास गेले. १८८४ च्या डिसेंबरात एके दिवशी त्यांनी थकलेले पाय गरम पाण्यात बुडवले. पाणी कढत होते. कातडीला फोड आले, पण त्यांना काहीच जाणवले नाही. आपल्यालाही हा रोग झाला आहे, हे त्यांना त्या वेदनेच्या अभावातून उमगले. १८८९ साली ते मरण पावले आणि २००९ साली ख्रिस्तसभेने त्यांना संत म्हणून घोषित केले.

त्या काळी लोकांना वाटे की कुष्ठरोगात मांस सडून बोटे गळतात. ही समजूत खोटी ठरवली डॉ. पॉल ब्रँड यांनी. तमिळनाडूतील कोल्ली डोंगरात १९१४ साली जन्मलेले हे शल्यविशारद १९४६ साली वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजात आले. त्यांच्या ध्यानात आले की रोगाचे जंतू बोटे खात नाहीत. ते नसा मारतात. वेदना नसल्यामुळे रोगी तापलेले भांडे उचलतो, जखमेवरच चालत राहतो, आणि रोजच्या इजांनी हातपाय झिजतात. काही रोग्यांच्या बोटांचे तुकडे रात्रीतून नाहीसे होत. जागता पहारा ठेवल्यावर दिसले की झोपेत उंदीर बोटे कुरतडत होते आणि रोग्याला जागही येत नव्हती. उपाय साधा निघाला: रोग्यांनी मांजरे पाळली.

१९६६ साली डॉ. ब्रँड अमेरिकेत लुइझियाना राज्यातील कारव्हिल येथील कुष्ठरोग इस्पितळात गेले. मधुमेह्यांच्या पायांना होणाऱ्या जखमाही त्याच मार्गाने होतात, हे तेथे त्यांनी दाखवून दिले. जखमेवरचा भार काढला, तर जी जखम महिनोन्महिने बरी होत नव्हती ती भरून येते. आज जगभर मधुमेह्यांच्या पायांसाठी जे उपचार होतात, त्यांतील पुष्कळ ज्ञान वेल्लोरच्या कुष्ठरोग्यांकडून आले आहे.

घरी करता येईल अशी परीक्षा

दवाखान्यात डॉक्टर १० ग्रॅम दाबाचा नायलॉनचा धागा तळपायाला टेकवून किंवा ट्यूनिंग फोर्कचा कंप घोट्याला लावून नसांची परीक्षा करतात. वर्षातून एकदा प्रत्येक मधुमेह्याने ती करून घ्यावी. पण इंग्लंडमधील इप्स्विच येथील डॉक्टरांनी २०११ साली एक अशी रीत प्रसिद्ध केली की तिला कसलेही उपकरण लागत नाही.

ज्याची परीक्षा घ्यायची त्याला पाय पसरून डोळे मिटायला सांगावे. दुसऱ्याने आपल्या तर्जनीचे टोक त्याच्या बोटाच्या शेंड्याला हलकेच टेकवावे, एक-दोन सेकंदच. दाबू नये, टिचकी मारू नये, गुदगुल्या करू नयेत. आधी उजव्या पायाचा अंगठा आणि करंगळी, मग डाव्या पायाचा अंगठा आणि करंगळी, शेवटी उजव्याचे व डाव्याचे मधले बोट. स्पर्श कळला की त्याने "उजवा" किंवा "डावा" म्हणावे. एका बोटाला एकदाच स्पर्श करावा. कळले नाही म्हणून पुन्हा करू नये. सहांपैकी दोन किंवा अधिक ठिकाणी कळले नाही, तर तो पाय धोक्यात आहे असे समजून डॉक्टरांना दाखवावे.

रोजची राखण

वेदना पहारा देईनाशी झाली, की तिचे काम डोळ्यांना करावे लागते. म्हणून रोज रात्री दिव्याच्या उजेडात दोन्ही पाय पाहावेत: तळवा, टाच, बोटांमधल्या बेचक्या. वाकता येत नसेल तर जमिनीवर आरसा ठेवून पाहावे. दृष्टी मंद असेल तर मुलाने, सुनेने, नातवाने पाहावे. पवित्र गुरुवारी देवळात पाय धुण्याचा विधी होतो. घरातल्या म्हाताऱ्या माणसाच्या बाबतीत तो रोजचाच व्हायला हवा. घरधन्याचे पाय पाहण्यात कोणाला कमीपणा नाही, आणि दाखवण्यात त्यालाही नाही.

पावसाळ्यात चिखलातून आल्यावर पाय स्वच्छ पाण्याने धुवावेत आणि बोटांच्या बेचक्या कोरड्या फडक्याने टिपून घ्याव्यात. बेचक्यांत ओल राहिली की चिखल्या होतात आणि चिखल्यांतून मोठी जखम. टाचांना खोबरेल तेल लावावे, पण बेचक्यांत लावू नये. पायाला उघडी जखम असेल तर लावणीच्या पाण्यात उतरूच नये. उंदीर-घुशींच्या मुताने दूषित झालेल्या पाण्यातून लेप्टोचा रोग अशाच जखमांवाटे शरीरात शिरतो. ते काम त्या दिवशी दुसऱ्याने करावे.

अनवाणी चालणे सोडावे, घरातसुद्धा. देवळात किंवा कोणाच्या घरी चपला काढाव्या लागल्या तर पायमोजे घालावेत. उन्हाळ्यात खळ्यावरची फरशी व कातळ तापतात; नुसत्या चालण्याने तळव्यांना फोड येतात. खिळे ठोकलेली चप्पल वापरू नये. मऊ मायक्रोसेल्युलर रबराची, मागे पट्टा असलेली चप्पल चांगली. ती पायातून निसटत नाही. नवे पादत्राण संध्याकाळी घ्यावे, कारण तेव्हा पाय थोडे सुजलेले असतात. गमबूट किंवा बूट घालण्यापूर्वी उलटा करून झटकावा आणि आत हात घालून पाहावे. विंचू असतो, खडा असतो, आणि बधिर पायाला दोन्ही सारखेच.

थंडीत शेकोटीपाशी पाय शेकू नयेत, गरम पाण्याची पिशवी लावू नये. आंघोळीचे पाणी पायाने न अजमावता कोपराने अजमावावे. चुलीवरचे भांडे फडक्याने उचलावे, कारण बधिरपणा हातांतही येतो. घट्टा किंवा कुरूप ब्लेडने कापू नये, कुरूप जाळण्याचे औषध लावू नये. नखे सरळ कापावीत, कोपरे खोल कोरू नयेत.

आणि जखम झालीच, तर हळद, चुना, राख, पाला बांधून वाट पाहू नये. स्वच्छ पाण्याने धुवावी, स्वच्छ फडके बांधावे आणि लवकरात लवकर डॉक्टरांना दाखवावी. मुख्य म्हणजे त्या पायावर भार देऊ नये. नुसती मलमपट्टी करून जखमेवर चालत राहणे म्हणजे रोप लावून त्यावरून रोज बैल नेणे. जखमेभोवती लाली चढली, घाण वास आला, बोट काळे पडले किंवा ताप आला, तर एक रात्रही थांबू नये. तसेच जखम नसतानाही पाऊल एकाएकी सुजले, गरम लागू लागले आणि फारसे दुखत नसले, तर आत हाड मोडलेले असू शकते. त्यावर चालल्यास पावलाचा आकार कायमचा बिघडतो.

सगळा दोष साखरेचा नव्हे

मधुमेह आहे म्हणजे बधिरपणा त्याचाच, असे धरून चालू नये. मधुमेहात सर्वांत जास्त दिली जाणारी मेटफॉर्मिन ही गोळी अनेक वर्षे घेतली, तर शरीरातील बी-१२ हे जीवनसत्त्व कमी होऊ शकते, आणि त्याच्या उणिवेनेही पाय बधिर होतात. साध्या रक्ततपासणीत हे कळते आणि औषधाने उणीव भरून निघते. गोळी मात्र आपल्या मनाने बंद करू नये. अंडी, मासळी, दूध यांत बी-१२ असते.

दारू नसांना विष आहे. रोज पिणाऱ्याचे जेवण तुटते, बी-१ जीवनसत्त्व कमी पडते आणि पाय लटपटू लागतात. मूत्रपिंडाचा जुना विकार आणि थायरॉईडची उणीव यांतही नसा बिघडतात. क्षयरोगावरील आयसोनियाझिड या औषधानेही तसे होऊ शकते. म्हणूनच डॉक्टर जोडीला बी-६ ची गोळी देतात. ती अनावश्यक समजून टाकू नये.

अंगावर फिकट किंवा लालसर चट्टा असेल आणि तेथे स्पर्श कळत नसेल, तर कुष्ठरोगाची तपासणी करून घ्यावी. १९८१ सालापासून त्यावर अनेक औषधांचा एकत्र उपचार रूढ झाला आहे. सहा महिने ते एक वर्ष औषध घेतल्यास रोग बरा होतो आणि सरकारी दवाखान्यात ते फुकट मिळते. लपवल्याने मात्र नसा जातात, आणि गेलेल्या नसा औषध परत देत नाही.

वरील सर्व विकार वर्षांच्या चालीने येतात. तासांच्या चालीने आलेला अशक्तपणा निराळा. तोंड वाकडे झाले, एका बाजूचा हात-पाय लुळा पडला, तर तो अर्धांगवायू समजून ताबडतोब मोठ्या इस्पितळात न्यावे. रक्ताची गुठळी विरघळवणारे इंजेक्शन साडेचार तासांच्या आतच देता येते. पायांपासून सुरू होऊन दोन-चार दिवसांत वर चढणारा अशक्तपणाही घरी बसून पाहण्याचा नव्हे. २०२५ च्या जानेवारीत पुण्यात ज्या गिलँ-बारे विकाराचे अनेक रोगी आढळले, तो असाच येतो आणि श्वासापर्यंत पोहोचू शकतो.

जे उरले ते राखणे

मेलेली नस जिवंत करणारे औषध आज नाही. आग कमी करणाऱ्या गोळ्या आहेत, त्यांनी झोप लागते. पण त्या नस दुरुस्त करत नाहीत. म्हणून शाबूत नसा राखणे हेच काम. अमेरिका व कॅनडात लहान वयात येणाऱ्या, इन्सुलिन लागणाऱ्या मधुमेहाच्या रोग्यांवर मोठा अभ्यास झाला. १९९३ साली त्याचा निष्कर्ष आला: साखर काटेकोर ताब्यात ठेवलेल्यांमध्ये नसांचा विकार सुमारे शेकडा ६० ने कमी झाला. मोठ्या वयात येणाऱ्या मधुमेहात फायदा इतका मोठा दिसत नाही. तेथे साखरेबरोबर रक्तदाब, वजन व तंबाखू या सर्वांकडे लक्ष द्यावे लागते. तंबाखू आणि विडीने पायाच्या रक्तवाहिन्या अरुंद होतात, आणि रक्त पोहोचले नाही तर जखम भरत नाही.

स्नायूंची शक्ती मात्र कष्टाने पुष्कळ परत येते. आजारी माणसाला "पडून राहा" म्हणणे ही माया नव्हे; अंथरुणावर मांड्या झपाट्याने वाळतात. पायाला जखम नसेल तर मजबूत खुर्चीवर बसून हात न टेकता दहा वेळा उठावे-बसावे, सकाळ-संध्याकाळ. तोल जात असेल तर भिंतीजवळ आणि कोणीतरी पाशी असताना. जेवणात भाताचा ढीग कमी करून डाळ, उसळ, अंडे किंवा मासळी वाढवावी. मूत्रपिंडाचा विकार असलेल्यांनी हे डॉक्टरांना विचारूनच करावे.

प्राथमिक आरोग्य केंद्रात तीस वर्षांवरील माणसांची साखर व रक्तदाब फुकट तपासतात. नांगरणी-लावणीची घाई सुरू होण्याआधीच घरातल्या सर्वांनी एकदा तपासून घ्यावे. तेथे गेल्यावर डॉक्टरांनी न विचारताही चप्पल काढून पाय पुढे करावे. आणि सहा बोटांची ती परीक्षा आज रात्री जेवणानंतरच उरकून घ्यावी. तिला पाच मिनिटेही लागत नाहीत.